वाचकांचे प्रश्न : सीचे पुस्तक वाचून समजते, पण प्रोग्राम सुचत नाही

प्रश्न : मी तंत्रनिकेतनात संगणक अभियांत्रिकीच्या पहिल्या वर्षाला आहे. आम्हाला या सत्रात सी भाषा आहे. वर्गात सुचवलेले पुस्तक मी फंक्शनच्या प्रकरणापर्यंत नीट वाचले असून वाचताना प्रत्येक प्रोग्राम मला समजतो. मात्र प्रात्यक्षिकाच्या वेळी सरांनी एखाद्या संख्येतील अंक उलट्या क्रमाने मांडणारा प्रोग्राम लिहायला सांगितला, तेव्हा पहिल्या दोन ओळींच्या पुढे मला काहीच सुचले नाही. तोच प्रोग्राम पुस्तकात सोडवून दिलेला होता. मी दुसरे पुस्तक घ्यावे का?
— एक विद्यार्थिनी, सांगली

उत्तर : पुस्तक बदलू नका. दुसऱ्या पुस्तकातही हाच प्रोग्राम असेल, तुम्हाला तो तितकाच समजेल आणि प्रात्यक्षिकाच्या वेळी अडचण तीच येईल. सोडवलेला प्रोग्राम वाचताना लेखकाने घेतलेले सगळे निर्णय आयते समोर असतात. व्हेरिएबल किती लागतील, लूप कोणता वापरायचा, तो कोणत्या अटीवर थांबेल, उत्तर कुठे साठवायचे, हे सर्व ठरलेले असते आणि वाचणाऱ्याला त्यावर फक्त मान डोलवायची असते. कोऱ्या कागदासमोर हेच निर्णय स्वतः घ्यावे लागतात, आणि त्याचा सराव नुसत्या वाचनात कधीच होत नाही.

म्हणून माझा आग्रह एकाच गोष्टीचा आहे. पुस्तकात प्रोग्राम आला की तो चालवण्यापूर्वी पडद्यावर काय उमटेल ते वहीत लिहून ठेवावे, अगदी दशांश चिन्हासकट. मग तो स्वतःच्या हाताने टाइप करून चालवावा आणि दोन्ही उत्तरे शेजारी शेजारी ठेवावीत. ती जुळली तर पुढे जावे; जुळली नाहीत तर कारण सापडेपर्यंत पान उलटू नये.

याचा उपयोग कसा होतो ते तापमानाच्या नेहमीच्या उदाहरणावरून पाहा. फॅरनहाइटचे सेल्सिअस करण्यासाठी ३२ वजा करून ५/९ ने गुणायचे, हे शाळेपासून माहीत असते. हे सूत्र प्रोग्राममध्ये ५ / ९ * (एफ - ३२) असे लिहिले आणि १०० ही संख्या दिली, तर वहीत आपण ३७.७८ लिहिलेले असते आणि पडद्यावर येतो शून्य. कारण सीमध्ये ५ आणि ९ हे दोन्ही पूर्णांक आहेत. पूर्णांकाला पूर्णांकाने भागले की अपूर्णांकाचा भाग सोडून दिला जातो, म्हणून भागाकार शून्य येतो आणि त्याला पुढे कशानेही गुणले तरी शून्यच राहतो. आता ५ ऐवजी ५.० लिहून पाहा. नंतर ५ तसाच ठेवून क्रम बदला: आधी वजाबाकी, मग ५ ने गुणाकार, मग ९ ने भागाकार. एफ हा फ्लोट, म्हणजे अपूर्णांकी संख्या ठेवणारा व्हेरिएबल, असेल तर या दुसऱ्या मांडणीतही उत्तर बरोबर येते, कारण गुणाकार होतानाच पूर्णांकाचे रूपांतर अपूर्णांकी संख्येत झालेले असते. पूर्णांक भागाकाराचा नियम पुस्तकात एका वाक्यात दिलेला असतो आणि तो वाचून विसरला जातो. असा शून्य एकदा समोर आला की तो नियम पक्का होतो.

आता तुमच्या अडलेल्या प्रोग्रामकडे येऊ. तो पुन्हा वाचू नका, कागदावर चालवा. संख्या ४७२ घ्या आणि तीन रकाने आखा: मूळ संख्या, शेवटचा अंक, उलटी संख्या. सुरुवातीला उलटी संख्या ०. पहिल्या फेरीत ४७२ ला १० ने भागून बाकी २ उरते. उलटी संख्या ० गुणिले १० अधिक २, म्हणजे २. मूळ संख्येचे होतात ४७. दुसऱ्या फेरीत बाकी ७, उलटी संख्या २७, मूळ संख्या ४. तिसऱ्या फेरीत बाकी ४, उलटी संख्या २७४ आणि मूळ संख्या ०, म्हणून लूप थांबतो. एवढे झाल्यावर पुस्तक मिटा. दुसऱ्या दिवशी हा तक्ता मनात ठेवून प्रोग्राम कोऱ्या कागदावर लिहा. अडलात तर पुस्तकातला प्रोग्राम पाहू नका, तक्ता पुन्हा आखा. प्रोग्राम सुचणे म्हणजे बहुतेक वेळा तक्त्याची पुढची ओळ कशी मिळते हे नेमक्या शब्दांत सांगता येणे असते. ते जमले की व्हाइलचा लूप आणि बाकी काढणारे टक्क्याचे चिन्ह आपोआप जागेवर येतात.

तो चालू लागला की त्याला १२० द्या. उत्तर २१ येईल. हे चूक की बरोबर? संख्या म्हणून पाहिले तर बरोबर आहे, पण अंक उलट्या क्रमाने छापायचे असतील तर ०२१ यायला हवे. प्रश्नाची भाषा इथे निर्णायक ठरते, आणि तोंडी परीक्षेत परीक्षक बहुधा याच जागी बोट ठेवतात. मग ऋण संख्या देऊन पाहा, शून्य देऊन पाहा. पुस्तकातल्या एका प्रोग्रामवर असा एक तास गेला तर तो वाया गेला असे समजू नका.

आणखी एक सवय लावून घ्या. चालणारा प्रोग्राम मुद्दाम मोडावा. एक अर्धविराम काढा, एक महिरपी कंस काढा, व्हेरिएबलच्या नावातले एक अक्षर बदला आणि प्रत्येक वेळी कंपायलर, म्हणजे प्रोग्रामचे यंत्राच्या भाषेत रूपांतर करणारे सॉफ्टवेअर, काय म्हणतो ते वहीत उतरवा. एक कंस राहिला तर कधी कधी पानभर चुका दिसतात आणि नवखा विद्यार्थी घाबरून जातो. प्रत्यक्षात पहिली चूक दुरुस्त केली की बाकीच्या बहुतेक नाहीशा होतात. अर्धविराम राहिला असता संदेशात अनेकदा पुढच्या ओळीतील शब्दाचा उल्लेख असतो, म्हणून दाखवलेल्या ओळीच्या वरची ओळही पाहावी. मुद्दाम केलेल्या चुकीचा संदेश ओळखीचा झाला की परीक्षेच्या गडबडीत नकळत झालेली चूक लगेच सापडते.


प्रश्न : मुलीला सी शिकवता यावी म्हणून मी माझे कॉलेजच्या काळातले पुस्तक पुन्हा काढले आहे. त्यात टर्बो सी गृहीत धरलेले आहे. घरच्या लॅपटॉपवर जीसीसी हा कंपायलर आहे. पहिलाच प्रोग्राम कोनिओ ही हेडर फाइल सापडत नाही असे सांगून थांबतो. हे पुस्तक आता निरुपयोगी समजावे का? दुसरे असे की, एकाच ओळीत आय प्लस प्लस आणि प्लस प्लस आय यांची बेरीज विचारणाऱ्या प्रश्नांची दोन ठिकाणी दोन वेगळी उत्तरे दिलेली आढळली. बरोबर कोणते?
— एक पालक, कल्याण

उत्तर : पुस्तकातील भाषा जुनी झालेली नाही, तिच्या भोवतीची यंत्रणा जुनी झाली आहे. डेनिस रिची यांनी १९७२ च्या सुमारास अमेरिकेतील बेल लॅबोरेटरीजमध्ये सी घडवली, १९८९ मध्ये तिचे पहिले अधिकृत प्रमाण ठरले आणि पुढे १९९९, २०११ अशा टप्प्यांनी त्यात सुधारणा होत गेल्या. इफ, फॉर, फंक्शन, अ‍ॅरे, पॉइंटर, स्ट्रक्चर ही तुमच्या पुस्तकातली प्रकरणे आजही तशीच लागू आहेत. टर्बो सी हा मात्र बोर्लंड कंपनीने १९८७ मध्ये डॉससाठी आणलेला कंपायलर, आणि आपल्याकडच्या अनेक प्रयोगशाळांतून तो फार काळ वापरात राहिला. कोनिओ ही फाइल, पडदा पुसणारे क्लिअरस्क्रीनचे फंक्शन आणि शेवटी पडदा थांबवून धरणारे गेटसीएच या त्या काळच्या डॉसवरील सोयी आहेत, सीच्या प्रमाणाचा भाग नव्हेत. त्या ओळी काढून टाका. प्रोग्रामचे काहीही अडत नाही. व्हॉइड मेन असेल तिथे इंट मेन लिहा आणि शेवटी रिटर्न शून्य ठेवा.

दोन जागा मात्र मुलीला नीट समजावून द्या.

पहिली जागा इंटच्या, म्हणजे पूर्णांक ठेवणाऱ्या प्रकाराच्या, आकाराची. टर्बो सीमध्ये इंटला दोन बाइट मिळत, म्हणून त्यात जास्तीत जास्त ३२,७६७ मावत असे. आजच्या लॅपटॉपवर जीसीसी इंटला चार बाइट देतो आणि मर्यादा २,१४,७४,८३,६४७ होते. जुन्या पुस्तकात "इंट दोन बाइटचा असतो" असे ठाम वाक्य असेल तर त्यावर पेन्सिलीने काट मारा. प्रमाणात फक्त किमान व्याप्ती ठरवून दिलेली आहे. क्रमगुणिताचा प्रोग्राम घेतला की फरक डोळ्यांसमोर येतो. टर्बो सीमध्ये ७ चे क्रमगुणित ५,०४० बरोबर येई आणि ८ चे ४०,३२० यायचे ते उणे २५,२१६ दिसे. जीसीसीवर १२ चे क्रमगुणित ४७,९०,०१,६०० बरोबर येते, पण १३ ला बहुतेक वेळा १,९३,२०,५३,५०४ असे उत्तर येते. खरे उत्तर आहे ६,२२,७०,२०,८००. उणे चिन्ह असते तर निदान शंका आली असती. इथे चुकीचे उत्तर अगदी खऱ्यासारखे दिसते. म्हणून मुलीला १३ चे क्रमगुणित हाताने काढायला लावा आणि मगच प्रोग्राम चालवू द्या.

दुसरी जागा गेट्स या फंक्शनची. जुन्या पुस्तकांत नाव किंवा वाक्य वाचायला ते सर्रास वापरलेले असते. वाचलेली अक्षरे ठेवायला किती जागा आहे हे गेट्सला कळतच नाही. वीस अक्षरांच्या अ‍ॅरेत कोणी दोनशे अक्षरे दिली तर उरलेली अक्षरे शेजारच्या स्मृतीवर लिहिली जातात. नोव्हेंबर १९८८ मध्ये इंटरनेटवर पसरलेल्या मॉरिस वर्म या घातक प्रोग्रामने आत शिरण्यासाठी जे मार्ग वापरले, त्यांतला एक मार्ग नेमका हाच होता: एका युनिक्स सेवेतील गेट्सचा वापर. २०११ च्या प्रमाणातून हे फंक्शन काढून टाकण्यात आले. त्याऐवजी एफगेट्स शिकवा आणि ते ओळीच्या शेवटचे एंटरसुद्धा अ‍ॅरेत ठेवते, हे सांगायला विसरू नका. अन्यथा दोन नावांची तुलना करताना ती कधीच जुळत नाहीत आणि कारण सापडत नाही.

आय प्लस प्लस आणि प्लस प्लस आय हे दोन्ही आयची किंमत एकने वाढवतात; त्यांच्या बेरजेला बरोबर उत्तर नाही. एकाच विधानात एकाच व्हेरिएबलची किंमत क्रम न ठरवता दोनदा बदलली तर काय व्हावे, हे सीच्या प्रमाणाने ठरवलेलेच नाही. प्रत्येक कंपायलर आपल्या सोयीने वागतो. तुम्हाला मिळालेली दोन्ही उत्तरे कुठल्या ना कुठल्या यंत्रावर खरोखर आलेली असू शकतात. जीसीसीला सर्व सूचना दाखवायला सांगितले, म्हणजे आज्ञेत वजा चिन्हानंतर मोठा डब्ल्यू आणि ऑल लिहिले, तर तो स्वतःच अशा ओळीवर इशारा देतो. आपल्याकडच्या प्रश्नसंचांत आणि मुलाखतींच्या तयारीत असल्या ओळींना फार मोठी जागा मिळाली आहे याची मला खंत वाटते. त्या पाठ करण्यात मुलांचे दिवस जातात आणि हातात काहीच राहत नाही. मुलीला एवढेच सांगा की असे विधान लिहू नये आणि का लिहू नये. ती डब्ल्यू-ऑलची आज्ञा मात्र पहिल्या दिवसापासून वापरायला लावा. इफमध्ये दोन बरोबरच्या चिन्हांऐवजी एकच पडले तरी ती लगेच दाखवून देते.


प्रश्न : मी गणितात पदवी घेतली आहे आणि स्वतःच पुस्तकावरून सी शिकते आहे. पॉइंटरपर्यंत सगळे सुरळीत होते. तिथे मात्र पुस्तकाने घर आणि घराचा पत्ता असे उदाहरण दिले आहे, ते समजले तरी प्रोग्राम समजत नाहीत. स्कॅनएफमध्ये & लागते आणि प्रिंटएफमध्ये लागत नाही, स्ट्रिंग वाचताना पुन्हा लागत नाही, हे मी केवळ पाठ केले आहे.
— एक वाचक, नाशिक

उत्तर : घराचा पत्ता क्षणभर बाजूला ठेवा आणि चौकटी काढा. दोन संख्यांची अदलाबदल करणारे फंक्शन तुमच्या पुस्तकात नक्की असेल. मेनमधील ए आणि बी यांच्या दोन चौकटी काढा, आत ५ आणि ९ लिहा, खाली १००० आणि १००४ असे पत्ते लिहा. आता फंक्शनला ए आणि बी दिले की काय होते? कागदाच्या दुसऱ्या कोपऱ्यात दोन नव्या चौकटी तयार होतात, २००० आणि २००४ या पत्त्यांवर, आणि त्यांत ५ आणि ९ यांच्या प्रती उतरतात. फंक्शन इमानेइतबारे अदलाबदल करते, पण ती २००० आणि २००४ मध्ये. फंक्शन संपले की त्या चौकटी जातात आणि १००० वर ५ जसाच्या तसा असतो. फंक्शनला ५ आणि ९ ऐवजी १००० आणि १००४ हे आकडे दिले तरच ते मूळ चौकटींपर्यंत पोहोचू शकते. नव्या चौकटींत आता पत्ते आहेत, म्हणून त्या पॉइंटर. तारकाचिन्ह म्हणजे "चौकटीतल्या पत्त्यावर जा".

हे चित्र पक्के झाले की स्कॅनएफचे कोडे उरत नाही. प्रिंटएफला किंमत पाहून छापायची असते, तिला प्रत पुरते. स्कॅनएफला तुमच्या चौकटीत नवी किंमत ठेवायची असते, म्हणून तिला पत्ता द्यावा लागतो, आणि & पत्ता देते. अ‍ॅरेचे नाव असे फंक्शनला दिले की पहिल्या घराचा पत्ताच जातो, म्हणून स्ट्रिंगला & लागत नाही. खरे पत्ते पाहायचे असतील तर प्रिंटएफमध्ये टक्के पी वापरून छापा. प्रोग्राम पुन्हा चालवल्यावर ते बहुधा बदललेले दिसतील, कारण आजच्या संचालन प्रणाली सुरक्षिततेसाठी स्मृतीची मांडणी दर वेळी बदलतात. मात्र इंटच्या अ‍ॅरेत शेजारच्या दोन घरांमधले अंतर चारच राहील.

स्कॅनएफची आणखी एक खोच याच प्रकरणाच्या आसपास भेटते. आधी संख्या वाचली आणि लगेच टक्के सी वापरून एक अक्षर वाचायला गेले, तर प्रोग्राम अक्षर मागण्यासाठी थांबतच नाही. संख्येनंतर दाबलेले एंटर वाचायचे राहिलेले असते, तेच अक्षर म्हणून उचलले जाते. टक्के सीच्या आधी एक मोकळी जागा सोडली की काम होते. त्यासाठी काही पुस्तके एफफ्लश हे फंक्शन आदान प्रवाहावर वापरायला सांगतात. प्रमाणानुसार त्याचा परिणाम निश्चित नाही, तो उपाय टाळावा.

स्ट्रिंगचे प्रकरण झाल्यावर तुम्हाला एक प्रयोग सुचवतो, जो इंग्रजी पुस्तकात सापडणार नाही. फाइल यूटीएफ-८ या अक्षरे साठवण्याच्या पद्धतीत जतन करून स्ट्रलेन या स्ट्रिंगची लांबी सांगणाऱ्या फंक्शनला "मराठी" हा शब्द द्या. उत्तर ५ येईल की ३, ते आधी वहीत लिहा. पडद्यावर १५ येतील. म, र, काना, ठ आणि दीर्घ वेलांटी ही पाच चिन्हे आहेत आणि यूटीएफ-८ मध्ये देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाला तीन बाइट लागतात. स्ट्रलेन अक्षरे मोजत नाही, शून्य किमतीचा बाइट येईपर्यंत बाइट मोजते. आता शब्द उलटसुलट सारखा आहे का ते तपासणारा पुस्तकातला प्रोग्राम घ्या आणि त्याला "कडक" द्या. तो सारखा नाही असे सांगेल. क या अक्षराचे तीन बाइट २२४, १६४, १४९ असे आहेत. प्रोग्राम पहिला बाइट २२४ आणि शेवटचा बाइट १४९ यांची तुलना करतो आणि तिथेच थांबतो. हा प्रोग्राम "कडक" साठी दुरुस्त करणे, म्हणजे तीन-तीन बाइटांचे गट करून तुलना करणे, हा पॉइंटरचा फार चांगला स्वाध्याय आहे. तो स्वतः सोडवून पाहा.


प्रश्न : माझ्याकडे संगणक नाही, फक्त अँड्रॉइड फोन आहे. इंग्रजीही कच्चे आहे. तरीही पुस्तकावरून सी शिकता येईल का?
— एक विद्यार्थी, परभणी जिल्हा

उत्तर : येईल. टर्मक्स हे अ‍ॅप फोनवर लिनक्ससारखे वातावरण देते आणि त्यात क्लँग हा पूर्ण क्षमतेचा सी कंपायलर बसवता येतो. एकदा बसवला की प्रोग्राम चालवायला इंटरनेट लागत नाही. फोनच्या कळफलकावर महिरपी कंस शोधण्यात वेळ जातो, म्हणून प्रोग्राम आधी कागदावर पूर्ण लिहावा, तक्ता आखून तपासावा आणि मगच टाइप करावा. संगणकासमोर बसणारे विद्यार्थी ही पायरी अनेकदा गाळतात, तुम्हाला ती गाळताच येणार नाही, आणि त्याचा फायदा तुम्हाला निश्चित होईल.

भाषेसाठी पवईच्या आयआयटी मुंबईने चालवलेल्या स्पोकन ट्युटोरियल प्रकल्पातील सी आणि सी प्लस प्लसची मालिका पाहा. ती मराठी निवेदनासह विनामूल्य उपलब्ध आहे. प्रत्येक भाग छोटा असून तो ऐकता ऐकता थांबवून सोबत प्रोग्राम करत जावे, अशीच त्याची रचना आहे. पुस्तकातले प्रकरण वाचण्याआधी त्या विषयाचा भाग ऐकला तर इंग्रजी वाक्ये अडत नाहीत.

कंपायलरचे इंग्रजी संदेश मोजकेच असतात आणि तेच तेच पुन्हा येतात. "अनडिक्लेअर्ड" म्हणजे व्हेरिएबल जाहीर न करता वापरले किंवा नावाचे स्पेलिंग चुकले. "एक्स्पेक्टेड" च्या पुढे जे चिन्ह दिसेल ते राहून गेले. "सेग्मेंटेशन फॉल्ट" हा संदेश प्रोग्राम चालू असताना येतो; परवानगी नसलेल्या स्मृतीला हात लागला, त्यामुळे आधी स्कॅनएफमधले & आणि अ‍ॅरेच्या लूपची शेवटची फेरी तपासावी. "अनडिफाइंड" म्हणजे फंक्शनचे नाव माहीत आहे, पण त्याचा मजकूर जोडला गेलेला नाही. वर्गमूळ काढणाऱ्या प्रोग्राममध्ये हा दिसला तर आज्ञेच्या शेवटी वजा चिन्ह, छोटा एल आणि एम लिहा, म्हणजे गणिताची फंक्शन्स जोडली जातात.